न दुखणारे दुखणे

दुखणे दुखते म्हणूनच माणूस औषधाच्या शोधात निघतो. दात ठणकू लागला की मध्यरात्रीदेखील डॉक्टरांचे दार ठोठावले जाते. परंतु जे दुखणे दुखतच नाही, त्याची दाद घेण्याची निकड रोग्यालाही वाटत नाही आणि राज्यकर्त्यांना तर त्याहूनही वाटत नाही. पश्चिम व मध्य आफ्रिकेच्या पाणथळ मुलखात शंभराहून अधिक वर्षे ठाण मांडून बसलेला ‘बुरुली व्रण’ हा रोग या जातीचा आहे. प्रथम हातावर किंवा पायावर कातडीखाली एक लहानशी गाठ येते. ती दुखत नाही. बहुधा तापही येत नाही. मूल खेळत राहते, आई शेतावर जात राहते. काही आठवड्यांनी गाठ फुटते आणि कडांच्या आतून पोखरत जाणारा व्रण दिसू लागतो. तो वीतभर पसरला तरी रोग्याला वेदना अशी थोडीच होते. उपचार वेळेवर न मिळाल्यास काहींचे हाड किडते, आणि व्रण भरून आला तरी सांधा आखडून हात किंवा पाय जन्माचा अधू होतो. या रोगाने माणूस सहसा मरत नाही. म्हणूनच मृत्यूच्या कोष्टकांत त्याला स्थान नाही, आणि जे कोष्टकात नाही ते जगाच्या लेखी जवळजवळ नसल्यासारखेच असते.

दूरदेशीच्या अशा रोगासाठी मराठी दैनिकाने पहिल्या पानावरची जागा का खर्च करावी, असे एखादा वाचक विचारील. त्याला आमचे उत्तर असे की, हा रोग दूरचा असला तरी त्याचे कुळ आपल्या चांगल्या परिचयाचे आहे. क्षय आणि कुष्ठ यांचे जंतू ज्या कुळातले, त्याच कुळात बुरुली व्रणाचा ‘मायकोबॅक्टेरियम अल्सरन्स’ हा जंतू जन्मला. ज्या भूमीत सेवाग्रामच्या कुटीत महात्मा गांधींनी परचुरे शास्त्र्यांच्या जखमा स्वतःच्या हातांनी धुतल्या आणि ज्या भूमीत बाबा आमट्यांनी आनंदवन उभे केले, त्या भूमीला कातडीवरचा रोग माणसाला घरातून आणि गावातून कसा उठवतो हे कोणी शिकवायला नको. आपल्याकडे ३० जानेवारी हा गांधीजींचा स्मृतिदिन कुष्ठरोग निवारण दिन म्हणून पाळला जातो. योगायोग असा की, उपेक्षित उष्णकटिबंधीय रोगांचा जागतिक दिन म्हणूनही २०२१ साली जागतिक आरोग्य परिषदेने तीच तारीख मान्य केली. आणि त्या उपेक्षितांच्या यादीत बुरुली व्रणाचे नाव आहे.

ही उपेक्षा अज्ञानातून आलेली आहे, असे म्हणण्यास मात्र जागा नाही. सर आल्बर्ट कुक या ब्रिटिश डॉक्टरांनी युगांडात अशा व्रणांचे वर्णन १८९७ सालीच नोंदवून ठेवले होते. १९४८ साली ऑस्ट्रेलियातील बेर्न्सडेल भागातल्या रोग्यांवरून पीटर मॅक्कॅलम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या जंतूचा शोध प्रसिद्ध केला. पुढे १९६० नंतरच्या दशकात युगांडातील बुरुली या प्रांतात पुष्कळ रोगी आढळले आणि त्या प्रांताचे नाव रोगाला चिकटले. १९९८ साली कोत द'ईव्हारच्या यामूसुक्रो नगरीत राष्ट्रांचे प्रतिनिधी जमले आणि त्यांनी या रोगाविरुद्ध जाहीरनामा काढला. २००४ साली जागतिक आरोग्य परिषदेने त्यावर ठराव केला. जाहीरनामे झाले, ठरावही झाले. उणीव राहिली ती ठराव आणि खेडे यांच्यामधल्या रस्त्याची.

हा जंतू न दुखवता एवढा नाश कसा करतो, हे कोडेही विज्ञानाने पुष्कळसे उलगडले आहे. तो ‘मायकोलॅक्टोन’ नावाचे विष सोडतो. त्या विषाने कातडीखालच्या पेशी मरतात, शरीराची प्रतिकारशक्ती त्या जागी लुळी पडते आणि वेदनेची जाणीवही मंदावते. चोराने घरात शिरताना पहारेकऱ्याला गुंगी द्यावी, तसा हा प्रकार आहे. शिवाय हा जंतू ३० अंश सेल्सिअसच्या आसपास, म्हणजे शरीराच्या आतल्या उष्णतेपेक्षा थंड जागी, चांगला वाढतो. त्यामुळे त्याचा हल्ला बहुतेक हातापायांवरच असतो. निम्म्याहून अधिक व्रण पायांवरच आढळतात. आफ्रिकेतील रोग्यांत निम्म्याच्या जवळपास पंधरा वर्षांखालील मुले आहेत. ज्या वयात पायांनी शाळेची वाट तुडवायची, त्याच वयात ते पाय जायबंदी होतात.

एके काळी या रोगावर कापून काढण्यावाचून उपायच नव्हता. व्रणाभोवतीचे चांगले दिसणारे मांसही कापायचे, मग दुसरीकडची कातडी आणून तेथे लावायची आणि महिनोन्‌महिने रुग्णालयात काढायचे, असा तो उपचार होता. २००४ साली जागतिक आरोग्य संघटनेने रिफाम्पिसिन आणि स्ट्रेप्टोमायसिन या औषधांचा आठ आठवड्यांचा उपचार सुचविला आणि चित्र पालटले. पुढे घाना आणि बेनिन या देशांत झालेल्या चाचणीचे निष्कर्ष २०२० साली प्रसिद्ध झाले. रोज टोचायच्या स्ट्रेप्टोमायसिनऐवजी क्लॅरिथ्रोमायसिनच्या गोळ्या दिल्या तरी गुण तितकाच येतो, हे त्यांनी दाखवून दिले. गाठ लहान असतानाच रोगी आला, तर छप्पन्न दिवस गोळ्या घेऊन आणि मलमपट्टी करून तो बहुधा शस्त्रक्रियेवाचून बरा होतो. यातील रिफाम्पिसिन हे औषध क्षय आणि कुष्ठ यांच्या उपचारामुळे आपल्या आरोग्य केंद्रांतील कर्मचाऱ्यांच्या नित्याच्या परिचयाचे आहे. तेव्हा उपाय नाही ही सबब आता कोणालाही सांगता येणार नाही.

असे असूनही २०२० च्या सुमारास दर दहा रोग्यांपैकी तीन रोगी व्रण अतिशय वाढल्यावरच, म्हणजे १५ सेंटिमीटरहून मोठा झाल्यावर किंवा हाड, सांधा अथवा डोळ्यासारख्या नाजूक जागी पोहोचल्यावर, उपचारासाठी येत होते. याचा दोष खेडुतांच्या अंधश्रद्धेवर ढकलून मोकळे होण्याची शहरी माणसाची सवय जुनी आहे. हा रोग करणीने होतो अशी समजूत आफ्रिकेतील काही खेड्यांत आहे आणि रोगी प्रथम गावच्या वैदूकडे जातो, हे खरे. परंतु त्याच्या जागी स्वतःला कल्पून पाहावे. रुग्णालय दिवसभराच्या वाटेवर. तेथे मुलाला ठेवायचे तर सोबत आईने राहायचे. आई राहिली तर शेत पडीक राहायचे आणि घरची धाकटी भावंडे उपाशी राहायची. शिवाय २००४ पूर्वी रुग्णालयात गेल्यावर नशिबी सुरीच यायची. सुरी टाळून वैदूकडे जाणारा बाप आमच्या मते मूर्ख नव्हता. त्याच्यापुढे दुसरी वाट नव्हती, एवढेच. आज वाट आहे, पण ती त्याच्या दारापर्यंत गेलेली नाही.

याच रोगाची दुसरी कहाणी ऑस्ट्रेलियाच्या व्हिक्टोरिया राज्यात घडली आहे आणि ती उद्बोधक आहे. मेलबर्न शहराजवळच्या मॉर्निंग्टन द्वीपकल्पात हा रोग पसरला. त्या राज्यात आढळलेल्या प्रत्येक रोग्याची नोंद करणे बंधनकारक झाले. प्रयोगशाळा कामाला लागल्या आणि २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने, त्या भागात पॉसम नावाच्या प्राण्यांकडून माणसाकडे हा जंतू आणण्याचे काम डास करतात, याचा भक्कम पुरावा दिला. हे काम निःसंशय गौरवास्पद आहे. पण आफ्रिकेत हा रोग माणसाला नेमका कसा जडतो हे मात्र अजून सिद्ध झालेले नाही. संथ वाहणाऱ्या आणि साचलेल्या पाण्याशी त्याचा संबंध आहे, यापलीकडे ठामपणे बोलता येत नाही. युगांडातील पहिल्या नोंदीला २०२४ साली १२७ वर्षे झाली होती. जंतू दोन्हीकडे एकच. जिकडे साधने होती तिकडे उत्तर आधी मिळाले आणि जिकडे रोगी अधिक होते तिकडे प्रश्न तसाच राहिला. यावर अधिक भाष्याची गरज नाही.

आकडे पाहून समाधान मानणारे म्हणतील की रोग ओसरतो आहे. २०१० पर्यंत जगात दरसाल सुमारे ५,००० रोगी नोंदले जात. २०१६ साली ही संख्या १,९६१ वर आली, हे खरे. परंतु २०१८ साली ती पुन्हा २,७१३ झाली होती, हेही तितकेच खरे. मग २०२० साली ती १,२५८ वर आली. पण ते वर्ष कोरोनाच्या साथीचे होते आणि गावोगाव रोगी शोधत फिरणे त्या वर्षी कठीण झाले होते. ज्या ३३ देशांत हा रोग आढळला आहे, त्यांपैकी चौदाच देश जागतिक आरोग्य संघटनेला नियमितपणे आकडे कळवतात. शोधणाराच घरी बसला तर रोगी कमी दिसणारच. कागदावरील घट ही नेहमीच रोगाची घट असते असे नाही; पुष्कळदा ती आस्थेची घट असते.

२०३० पर्यंत फार उशिरा येणाऱ्या रोग्यांचे प्रमाण दहा टक्क्यांच्या खाली आणावयाचे, असे उद्दिष्ट जागतिक आरोग्य संघटनेने ठेवले आहे. ते साधावयाचे तर गावातल्या शाळामास्तराला आणि आरोग्यसेविकेला ती न दुखणारी गाठ ओळखता आली पाहिजे; संशयित व्रणाचा नमुना प्रयोगशाळेत पोहोचला पाहिजे; आणि गोळ्या रोग्याच्या गावापर्यंत गेल्या पाहिजेत. यात अशक्य असे काही नाही, पण पैसा लागतो. आणि नेमक्या याच काळात तो आटू लागला आहे. २०२५ च्या जानेवारीत अमेरिकेने जागतिक आरोग्य संघटनेतून बाहेर पडण्याचा निर्णय जाहीर केला. मोठ्या घरचा चुलता वेगळा निघाला की पहिली कात्री धाकट्यांच्या ताटाला लागते. क्षय आणि हिवताप यांना वकील मिळतील. बुरुली व्रणाला कोण मिळणार?

येथे भारताचे कर्तव्य सुरू होते. स्वस्त औषधे बनवून जगाला पुरविणारा देश म्हणून आपण मिरवतो. आफ्रिकेशी जुने नाते असल्याची भाषणेही आपण करतो. त्या नात्याला जागायचे असेल तर उपेक्षित रोगांच्या औषधांसाठी आणि त्यांच्या निदानाच्या साधनांसाठी आपल्या सरकारने स्वतःहून हात पुढे करावा आणि जागतिक आरोग्य परिषदेत त्यांची बाजू मांडावी, अशी आमची मागणी आहे. त्याचबरोबर आरशात पाहण्याचे धैर्यही दाखवावे. जगातील नव्या कुष्ठरोग्यांपैकी निम्म्याहून अधिक आजही भारतात सापडतात. कुष्ठाचा पहिला चट्टाही बुरुलीच्या गाठीसारखा दुखत नाही, आणि आपल्या गावांतली आशा सेविका जेव्हा घरोघर जाऊन तो चट्टा शोधते, तेव्हा ती तेच काम करीत असते जे घानातल्या खेड्यात तिची बहीण करते. त्या दोघींचे मानधन वेळेवर मिळावे आणि त्यांच्या शब्दाला मान असावा, ही मागणी जागतिक उद्दिष्टाइतकीच मोलाची आहे.

जे दुखणे दुखत नाही, त्याची वेदना दुसऱ्या कोणाला तरी व्हावी लागते. समाज नावाची वस्तू अस्तित्वात आहे की नाही, याची परीक्षा तेथेच होते.