प्रकाशाकडे गोष्ट कशाला मागायची?

अमेरिकन चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेज (१९३३–२००३) यांच्या चित्रपटांत 'गोष्टच नाही', हा आक्षेप आम्हांस नेहमीच गैरलागू वाटत आला आहे. १९६३ साली 'मॉथलाइट'साठी त्यांनी कॅमेराच बाजूला ठेवला. पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून त्यांचीच फीत केली. दिव्यावर झेपावून मेलेले ते पतंग प्रक्षेपकाच्या दिव्यासमोर पुन्हा फडफडतात. नाट्य म्हणाल तर एवढे पुरे. १९७४च्या 'द टेक्स्ट ऑफ लाइट'मध्ये काचेच्या रक्षापात्रातून (होय, ॲश-ट्रेच!) दिसणारा प्रकाश तासाभराहून अधिक काळ, निःशब्द, पाहावयाचा असतो. तो काही ठिकाणी कंटाळवाणा होतो, हे मान्य.

आमची तक्रार निराळीच आहे. हे चित्रपट संगणकावर पाहून मते बनवली जातात. तिथे फितीच्या आरपार येणारा प्रकाश नसतो, दोन चौकटींमधला निमिषभराचा अंधारही नसतो. अखेरच्या आजारपणात ब्रॅकेज थुंकीने ओली केलेली फीत नखाने खरवडत होते. त्या ओरखड्यांतून येणारा उजेड हेच त्यांचे चित्र होते. तेव्हा निकाल देण्यापूर्वी निदान 'मॉथलाइट' तरी अंधाऱ्या खोलीत, प्रक्षेपकावर पाहावा. जेमतेम चार मिनिटांचा तर आहे.