दफ्तराची भाषा उर्दू, कवितेची मराठी

दरवर्षी १७ सप्टेंबर जवळ आला की एकाच साच्याच्या पोस्ट फिरू लागतात. निजामाने मराठी गाडली. १९४८ साली पोलीस ॲक्शन झाली आणि मराठी पुन्हा उगवली. यातले पहिले विधान बरेचसे खरे आहे. दुसरे मात्र कवितेच्या इतिहासापुढे टिकत नाही, आणि हा धागा त्याबद्दलच आहे.

आधी अन्यायाचे माप नीट घेऊ. हैदराबाद संस्थानात मराठी बोलणारे साधारण चौथा हिस्सा, उर्दू बोलणारे दहाव्या हिश्श्याच्या आसपास. तरीही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस फारसीची जागा उर्दूने घेतली आणि न्यायालय, महसूल, उच्च शिक्षण सारे तिच्याकडे गेले. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाने एका भारतीय भाषेतून विज्ञान, वैद्यक आणि कायदा शिकवून दाखवला, ही असामान्यच कामगिरी. पण अंबड किंवा परभणीच्या मुलासाठी ती त्याच्या घरातली भाषा नव्हती.

अशा राज्यात आधुनिक मराठी कविता कोणी लिहिली? सरकारी नोकरांनी! बी. रघुनाथ आणि वा. रा. कांत या दोघांचेही जन्मवर्ष १९१३. पहिले परभणीकडचे, बांधकाम खात्यातले कारकून. दुसरे नांदेडचे, निजाम सरकारच्या शेतकी खात्यात आणि पुढे रेडिओवर. वसंतराव देशपांडे यांच्या आवाजातले कांतांचे एक भावगीत आजही घराघरांत ऐकले जाते. ते लिहिणारा कवी निजामाच्या दफ्तरात घडला, हे ऐकणाऱ्यांपैकी किती जणांना ठाऊक असते? बी. रघुनाथांचा ‘आलाप आणि विलाप’ १९४१ साली निघाला. मुक्तीला तेव्हा सात वर्षे बाकी होती. चाळिशी गाठताच, १९५३ साली ते गेले.

दिवसभर उर्दूत टिपणे, संध्याकाळी मराठीत कविता. हा ताण समजून घ्यायला मला आयर्लंडचा उपयोग होतो. शॉन ओ रिअर्डन हा कवी १९१६ सालचा, म्हणजे आपल्या दोघांचा समवयस्क. तोही कारकूनच, कॉर्क शहराच्या नगरपालिकेत. शिवाय आयुष्यभर क्षयाने पिडलेला. १९५२ साली त्याचा पहिला संग्रह आला आणि आयरिश भाषेतील कविता आधुनिक झाली, असे मानले जाते. ‘याची आयरिश अस्सल नाही’ अशी टीकाही त्याने सोसली. पुढे १९७० साली त्याच शहरातल्या विद्यार्थ्यांनी ‘इंटी’ हे कवितेचे नियतकालिक काढले आणि नुआला नी गोनिलसारखी पिढी पुढे आली.

साम्य इथवरच. आयरिशला १९२२ नंतर राज्य मिळाले, पण बोलणारी माणसे घटत गेली. मराठवाड्यात माणसे होती, राज्य नव्हते. म्हणून तिकडे कवींना भाषाच वाचवायची होती, तर इकडे बोलीत जिवंत असलेल्या भाषेला छापील, आधुनिक रूप द्यायचे होते. १९४८ ने काय दिले, तर मराठी शाळा. त्या शाळांतून शिकलेल्या पिढीतले ना. धों. महानोर १९६७ साली ‘रानातल्या कविता’ घेऊन आले, आणि पळसखेडच्या शिवारातले शब्द पुण्या-मुंबईच्या संपादकांनी सन्मानाने छापले. मुक्तीचे हे श्रेय मोठे आहे. पण ते पेरणीचे नव्हे, पाण्याचे.

आणखी एक खटकणारी गोष्ट. या कथनात उर्दू केवळ शत्रू म्हणून येते. शहागडहून गोदावरीच्या उगमाकडे निघा, पैठण लागेल. सोळाव्या शतकात तिथे एकनाथांनी फारसी कारभाराची भाषा थेट भारुडात आणली, ‘अर्जदस्त’ हा दरबारी अर्जाचा साचाच उचलून. दफ्तराची भाषा मराठी कवितेत वळवण्याची रीत आपल्याकडे इतकी जुनी आहे. शहागड या नावात फारसी ‘शाह’ आणि मराठी ‘गड’ शेजारी बसलेच आहेत.

उर्दू विसरण्याची किंमतही आपण पाहिली. शहागडच्या जवळच असलेल्या अंतरवाली सराटीतून २०२३ साली आंदोलन पेटले आणि निजामकालीन नोंदी शोधण्याची वेळ आली, तेव्हा उर्दू आणि मोडी वाचणारी माणसे शोधत फिरावे लागले. त्या नोंदी लिहिणारे अनेक हात मराठी घरांतले होते. त्यांतला एखादा हात रात्री कविताही लिहीत असेल, आणि ती वही त्याच कागदांच्या गठ्ठ्यात पडून असेल.

तुमच्या घरी उर्दू शिक्क्यांचे असे कागद असतील, तर रद्दीत घालण्यापूर्वी गठ्ठा शेवटपर्यंत उलगडून पाहा. मराठी वही निघाली, तर कळवा.