दरवाजा उघडा, स्टिकर वाचा!

पहिला पगार मोबाइलवर जातो. दुसरा शूजवर. आणि मग कधीतरी घरातली जुनी हॅचबॅक आपल्या वाट्याला येते. बाबा नवी गाडी घेतात, काका गाडी चालवणं सोडतात, मामा बेंगळुरूला शिफ्ट होतात... कारण काहीही असो, किल्ली आपल्या हातात पडते आणि कालपर्यंत ८.२२ च्या लोकलला लटकणारे आपण एकदम ‘कारवाले’ होतो! मग सीट कव्हर बदलतं, म्युझिक सिस्टीम बदलते. तिसऱ्या महिन्यात नजर खाली जाते. टायर टकले झालेले, व्हीलकॅप कुठल्यातरी खड्ड्यात उडून गेलेली. बस्स! डोक्यात एकच शब्द घुमायला लागतो. अलॉय!

अलॉयशी माझं काही भांडण नाही हं. पण बाकीच्या फॅशन आणि ही फॅशन यात एक छोटासा फरक आहे. गॉगल चुकला तर फोटो बिघडतो. इथे गाडी आणि रस्ता यांच्यामध्ये असतं ते फक्त चार तळव्यांएवढं रबर. ब्रेक, वळण, पाऊस, सगळा कारभार तेवढ्यावर.

माझ्या मावसभावाचंच बघा. राहायला मुलुंड, ऑफिस मरोळला. काकांची २०१० ची स्विफ्ट व्हीएक्सआय त्याला मिळाली. १५ वर्षं झाली म्हणून २०२५ मध्ये आरटीओत पासिंग करून आणखी पाच वर्षांचं रजिस्ट्रेशनही मिळालं. टायर मात्र २०१८ चे. गणपतीला आईबाबा आणि आजीला घेऊन भर पावसात गुहागरला जायचं, आणि रिम-टायरसाठी साठवलेले पैसे बँकेत तयार. फोन आला, ‘‘ताई, सोळा इंची टाकतोय. लुक बघशील तर वेडी होशील!’’

मी म्हटलं, ‘‘वेडी नंतर होते. आधी ड्रायव्हरचा दरवाजा उघड आणि चौकटीवरचा स्टिकर वाच.’’

आकड्यांची जन्मपत्रिका

आपल्या बाबांच्या पिढीला हे टेन्शन नव्हतंच. कुर्ल्यात बनणाऱ्या प्रीमियर पद्मिनीला ५.२०-१४ हा टायर. दुकानात जाऊन ‘फियाटचा टायर द्या’ म्हटलं की काम झालं. आता एकाच मॉडेलला दोन-तीन साइज असतात. म्हणून स्टिकर.

त्याच्या स्टिकरवर होतं १६५/८० आर १४. म्हणजे टायर १६५ मिलिमीटर रुंद. बाजूची भिंत, म्हणजे साइडवॉल, या रुंदीच्या ८० टक्के उंच. रिम १४ इंची. टायरवर पुढे ८५ टी असं काहीतरी छापलेलं असतं. ८५ म्हणजे एका टायरला ५१५ किलो भार झेपतो आणि टी म्हणजे ताशी १९० किलोमीटरपर्यंतचा वेग. हे दोन आकडे मूळपेक्षा वर गेले तर चालतात, खाली कधीच आणायचे नाहीत. मागच्या सीटवर तीन जण आणि डिकीत आंब्याच्या पेट्या, हे आपलं वास्तव आहे बॉस!

आता खरा फंडा. साइज बदलायची तर चाकाची एकूण उंची जवळपास तीच राहिली पाहिजे. १६५/८० आर १४ ची उंची येते साधारण ६२० मिलिमीटर. १८५/७० आर १४ ची ६१५. फरक एक टक्क्याच्या आत, झकास! १८५/६५ आर १५ ची ६२१ च्या पुढे, तीही चालेल. पण कोणी ‘जाडा दिसतो’ म्हणून २०५/६५ आर १५ गळ्यात मारला तर उंची जाते ६४७ वर. साडेचार टक्के जास्त. आधी काटा बरोबर होता असं धरलं, तर तो १०० दाखवत असताना गाडी पळत असेल १०४ च्या वर. वर स्टेअरिंग पूर्ण फिरवलं की टायर आत घासणार ते वेगळंच.

गणित पास, रस्ता नापास

‘‘मग सोळा इंचीला १९५/५५ घेतो ना, उंची तीच येते!’’ भाऊ इंजिनीअर आहे, कॅल्क्युलेटर घेऊनच बसला होता. आणि उत्तर बरोबर होतं. उंची येते ६२१. कागदावर पैकीच्या पैकी!

पण रिम मोठी झाली आणि एकूण उंची तीच राहिली, तर कमी काय झालं? साइडवॉल. मूळ टायरची भिंत १३२ मिलिमीटर होती, सोळा इंचीत उरते १०७. म्हणजे एक इंच रबर आणि हवा गेली, त्याजागी धातू आला. आता हा एक इंच घेऊन एलबीएस मार्गावर घाटकोपर ते भांडुप जाऊन या. नवीन काँक्रीट जिथे जुन्या डांबराला भेटतं तिथली पायरी, उखडलेले पेव्हर ब्लॉक, जेव्हीएलआरवर पाण्याखाली लपलेला खड्डा. जाड भिंतीचा टायर तो दणका खातो आणि विसरतो. पातळ भिंत खड्ड्याची कड आणि रिम यांच्यात चिमटते, आतले धागे तुटतात आणि दुसऱ्या दिवशी टायरच्या गालावर टेंगूळ येतं. टेंगूळ आलेला टायर दुरुस्त होत नाही, फेकावाच लागतो.

शिवाय मोठी चाकं बहुतेक वेळा जड असतात. १.२ लिटरचं इंजिन, साकीनाक्याचा ट्रॅफिक, दर वीस सेकंदाला पहिला गिअर... जड चाक प्रत्येक वेळी नव्याने फिरवायला पेट्रोल कोणाचं जातं?

चार भोकं सारखी नसतात

तरी शनिवारी आम्ही कुर्ल्याच्या सीएसटी रोडला गेलोच. गाडीचा कुठलाही अवयव मिळेल असा तो भाग. पद्मिनी ज्या कुर्ल्यात जन्मली तिथेच आता सगळ्या गाड्यांचे सुटे भाग नवा जन्म घेतात! एका दुकानात होंडा सिटीचे १५ इंची सेकंडहँड अलॉय दिसले. चकाचक, भावही परवडणारा. दुकानदार माझ्याकडे न बघता भावाला म्हणाला, ‘‘साब, चार होल है, आरामसे बैठेगा. रिंग लगा देंगे, टेन्शन नहीं.’’

मी टॉर्च लावून रिमची मागची बाजू वाचायला बसले. दुकानदाराने मग माझ्याकडे बघितलं!

पहिली गोष्ट पीसीडी. समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यांमधलं अंतर. स्विफ्टचं १०० मिलिमीटर, सिटीचंही १००. इथपर्यंत दुकानदार खरा. पण फोर्ड फिगोला चारच भोकं, अंतर १०८. फियाट पॅलिओलाही चारच, अंतर ९८. दोन मिलिमीटरचा फरक डोळ्याला दिसत नाही. नट जोर लावून आवळलाही जातो, पण तिरका. तो कधी ढिला होईल याची गॅरंटी नाही.

दुसरी गोष्ट मधलं मोठं भोक. स्विफ्टच्या हबला लागतं ५४.१ मिलिमीटर, सिटीच्या रिमला असतं ५६.१. ही दोन मिलिमीटरची पोकळी भरायला रिंग लागते, तीही नेमक्या मापाची. नाहीतर हायवेला ८०-९० च्या पुढे स्टेअरिंग थरथरायला लागतं आणि आपण बॅलन्सिंगवाल्याला शिव्या देत बसतो.

तिसरी गोष्ट ऑफसेट. रिमच्या आत ‘ईटी’ आणि पुढे आकडा कोरलेला असतो. चाक हबपासून किती आत किंवा बाहेर बसणार ते यावरून कळतं. मूळपेक्षा आकडा बराच कमी असेल तर चाक बाहेर येतं. दिसतं भारी, पण मडगार्डला घासतं आणि बेअरिंगवर लोड टाकतं. जास्त असेल तर आत सस्पेन्शनला लागतं.

चौथी गोष्ट कोणीच सांगत नाही. नट! होंडाच्या कंपनीच्या अलॉयमध्ये नटाची बैठक वाटीसारखी गोल असते. स्विफ्टचा नट शंकूसारखा निमुळता. गोल वाटीत शंकू बसवला तर तो फक्त कडेला टेकतो, पूर्ण बसत नाही. बरं, होंडाचेच नट आणून लावू म्हणाल, तर त्यांचे आटे १.५ चे आणि स्विफ्टचे १.२५ चे. चढणारच नाहीत. म्हणजे पीसीडी जुळूनही हे लग्न काही जमणारं नव्हतं!

दुकानदाराला हे सगळं सांगितलं तर तो हसला. ‘‘मॅडम, इतना कौन देखता है?’’

तोच तर प्रॉब्लेम आहे ना!

कागदाचं काय?

मोटार वाहन कायदा, १९८८ चं कलम ५२ सांगतं की कंपनीने मूळ ठरवलेल्या तपशिलांशी विसंगत होईल असा बदल गाडीत करायचा नाही. जानेवारी २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टानेही हेच ठणकावून सांगितलं. पंधरा वर्षं उलटलेल्या गाडीला तर पासिंगसाठी पुन्हा इन्स्पेक्टरसमोर उभं राहायचंय. इन्शुरन्सवाल्यांना न कळवता केलेला बदल क्लेमच्या दिवशी वादाचा मुद्दा होतो, तो वेगळाच. म्हणून सगळ्यात सेफ रस्ता कुठला? तुमच्याच मॉडेलच्या वरच्या व्हेरिएंटला कंपनीने जी साइज दिली होती ती. त्या काळातल्या स्विफ्ट झेडएक्सआयला होता १८५/७० आर १४. तीच रिम १४ ची, भिंत १२९ च्या वर, म्हणजे जवळपास मूळएवढीच, आणि रस्त्यावर रबर जास्त. स्टेअरिंग किंचित जड होतं, मायलेज थोडं उतरतं. एवढी किंमत मोजायची तयारी नसेल तर मूळ १६५/८० मध्येही काही कमीपणा नाही.

दुकानात काय बघायचं?

साइज ठरली की निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं काउंटरवर. टायरच्या भिंतीवर ‘डॉट’च्या ओळीत शेवटी चार आकडे असतात. २३२५ म्हणजे २०२५ सालचा तेविसावा आठवडा. वर्षभराच्या आतला मागा, लाजू नका! रबर वापरलं नाही तरी म्हातारं होतं. आयएसआय मार्क बघा. आणि बिल घ्या. २२ सप्टेंबर २०२५ पासून नव्या टायरवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आलाय, तो फायदा बिलात दिसला पाहिजे.

बजेट दोनच टायरचं असेल तर नवे दोन मागे लावा. हो, मागे! इंजिन पुढच्या चाकांना ओढत असलं तरी. ओल्या रस्त्यावर पुढचे टायर घसरले तर ते स्टेअरिंगला जाणवतं आणि आपण वेग कमी करतो. मागचे घसरले तर गाडी गर्रकन फिरते, विचार करायला वेळच नाही.

आणि हे सगळं मे महिन्यात उरका. टायरच्या खाचांत मध्ये मध्ये छोटे उंचवटे असतात, १.६ मिलिमीटरचे. रबर झिजून त्यांच्या लेव्हलला आलं की टायर संपला. त्याच्या खूप आधीपासूनच खाचा पाणी बाहेर फेकायला कमी पडायला लागतात. वेस्टर्न एक्स्प्रेस हायवेवर जुलैत साचलेल्या पाण्यावर गाडी तरंगते, ती अशीच. टायर रुंद असेल तर आणखी लवकर.

भावाने शेवटी काय केलं? जुन्या स्टीलच्या रिम तपासल्या. एक वाकलेली निघाली, तिच्या जागी स्विफ्टचीच मूळ रिम आणली. चार नवे १८५/७० आर १४, नवे व्हॉल्व्ह, अलाइनमेंट, बॅलन्सिंग. शंभर किलोमीटर झाल्यावर नट पुन्हा आवळून घेतले. सोळा इंची सेटसाठी साठवलेल्या पैशांतले बरेच उरले. मला एक हिशेब फार आवडला. टायरचं आयुष्य साधारण पाच-सहा वर्षं आणि रजिस्ट्रेशन मिळालंय पाच वर्षांचं. म्हणजे कागद आणि रबर एकदमच रिटायर होणार, या गाडीला बहुधा पुन्हा टायर घ्यावेच लागणार नाहीत!

तरी तोंड थोडं पडलेलंच. ‘‘ताई, पण बदललेत हे कोणाला कळणार पण नाही!’’

‘‘आजीला कळेल. मागच्या सीटवर झोप लागेल तिला.’’

तेव्हा दोस्तहो, या शनिवारी दुकानात जाण्याआधी खाली पार्किंगमध्ये जा. दरवाजा उघडा, स्टिकरचा फोटो काढा. अलॉय हवेतच? घ्या की! १४ इंचीतही मस्त डिझाइन्स मिळतात. फक्त पीसीडी, मधलं भोक, ऑफसेट आणि नट, या चौघांची मुलाखत तुम्ही स्वतः घ्या. आणि दुकानदार ‘इतना कौन देखता है’ म्हणाला, की गोड हसून सांगा... ‘‘मैं!’’