सही नाही म्हणून छळ चालेल?

छळविरोधी करारावर भारताने १९९७ साली सही केली, अनुसमर्थन मात्र आजवर केलेले नाही. "मग तो लागू कसा?" यवतमाळच्या शिबिरात एका वकीलसाहेबांनी मला विचारले. करार राहू द्या बाजूला! छळबंदी हा आंतरराष्ट्रीय कायद्याचा अनुल्लंघनीय नियम आहे. तो कुणाच्या सहीवर अवलंबून नाही. त्याविरुद्धचा करारच रद्दबातल ठरतो, युद्ध-आणीबाणीची सबब चालत नाही. कोठडीतला बलात्कार हाही छळ ठरतो, असे युगोस्लाव्हियासाठीच्या न्यायाधिकरणाने १९९८ साली म्हटले. आपल्या विदर्भात तर देसाईगंजच्या पोलीस ठाण्यातले मथुरा प्रकरण १९७२चे. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडले. अंगावर जखमा नाहीत म्हणे! बाया रस्त्यावर उतरल्या, तेव्हा १९८३ साली कायदा बदलला. छळविरोधी विधेयक मात्र २०१० साली लोकसभेत मंजूर होऊनही बारगळले. मैत्रिणींनो, निवेदनात 'विनंती' कशाला? 'सरकार बांधील आहे' असे लिहा.