वीरा साथीदार यांनी अभिनय केला नाही, असे म्हणणाऱ्यांना

‘कोर्ट’मधल्या वीरा साथीदार यांच्याबद्दल एक वाक्य हमखास ऐकू येते. त्यांनी अभिनय केलाच नाही, ते स्वतःच पडद्यावर आले. म्हणणाऱ्याला ते कौतुक वाटते. मला वाटत नाही. सवर्ण नट सवर्ण घरातला वकील रंगवतो तेव्हा तो ‘कसलेला’ ठरतो. आपला माणूस वस्तीतला शाहीर रंगवतो तेव्हा मात्र तो ‘नैसर्गिक’. म्हणजे एकाच्या वाट्याला कला आणि दुसऱ्याच्या वाट्याला नुसता जन्म!

साथीदार नागपूरच्या जोगीनगरातले. ‘विद्रोही’चे संपादक, चळवळीचे पूर्णवेळ कार्यकर्ते. पन्नाशी उलटल्यावर ते चैतन्य ताम्हाणे यांच्या सिनेमात नारायण कांबळे झाले. कांबळे मुंबईचा, साथीदार विदर्भाचे. कांबळेची गाणी संभाजी भगत यांची. गटारात उतरून मेलेल्या सफाई कामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केले, हा त्याच्यावरचा आरोप. तसे गाणे लिहिले का, असे कोर्टात विचारल्यावर तो शांतपणे सांगतो, अजून लिहिले नाही. त्यात ना चीड, ना केविलवाणेपणा. बाकी खटलाभर तो बहुतेक गप्प बसून असतो आणि वकिलांची भाषा त्याच्या डोक्यावरून जात राहते. असे गप्प बसून पडदा धरून ठेवणे हे कसब नाही तर काय आहे? मोर्चात घोषणा देणाऱ्या माणसाला हे गप्प बसणे आपोआप येत नसते.

सिनेमावर माझा एक आक्षेपही आहे. कॅमेरा बचावाच्या वकिलाच्या घरी जातो, सरकारी वकिलीणबाईंच्या स्वयंपाकघरात जातो, न्यायाधीशाच्या सहलीलाही जातो. कांबळेच्या खोलीत मात्र सुरुवातीला थोडा वेळ, मुलांना शिकवताना. पुढे दुसऱ्यांदा अटक होते, यूएपीए लागतो आणि सुट्टी लागून कोर्टाचे दिवे मालवतात. व्यवस्थेचे कोरडेपण दाखवायला ही मांडणी कामाची आहे, हे मान्य. तरी ज्याच्यावर खटला आहे त्याचेच घर कमी दिसावे, हे खटकते.

‘कोर्ट’ला २०१४ साली व्हेनिसमध्ये पुरस्कार मिळाला, पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, २०१५ साली भारतातर्फे ऑस्करलाही तोच गेला. साथीदार यांच्या दारात निर्मात्यांची रांग लागली नाही. त्यांना न्यायाधीशाची भूमिका द्यावी, असे किती दिग्दर्शकांना सुचले असते? १३ एप्रिल २०२१ रोजी, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने ते गेले. बातम्यांचे मथळे ‘कोर्ट’वरच थांबले. त्याआधीची अनेक वर्षांची चळवळ एखाद-दुसऱ्या ओळीत उरकली.

पण दोष फक्त त्यांचाच का? आपल्या वाशीम जिल्ह्यात, मंगरूळपीर असो की रिसोड, जयंतीच्या वर्गणीतला मोठा वाटा डीजेवाला घेऊन जातो. रील बनवणारी आपली पोरे विचारतात, दादा, मुंबईला कसे जायचे? त्यातल्या किती जणांना साथीदार माहीत आहेत? काही जुने कार्यकर्ते म्हणतील की सिनेमा हे चळवळीचे काम नव्हे. मग भीमराव कर्डकांचा जलसा काय होता? वामनदादा गावोगाव कशासाठी फिरले? पडद्यावर कोण दिसणार आणि कोणत्या रूपात, हा प्रश्न पाणवठ्याच्या प्रश्नापासून फार लांबचा नाही.

येत्या एप्रिलमध्ये एका रात्रीचा डीजे कमी करा. परवानगीचे रीतसर पाहा, प्रोजेक्टर आणा आणि विहारात ‘कोर्ट’ दाखवा. नगरपरिषदेच्या सफाई कामगारांना पहिल्या रांगेत बसवा. हाताने मैला साफ करण्यावर बंदी घालणारा कायदा २०१३ चा आहे. गटारातल्या मृत्यूला सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली १० लाख भरपाई ठरवली, २०२३ साली ती ३० लाख केली. सिनेमा संपल्यावर त्यांनाच विचारा, यातले तुम्हाला कुणी सांगितले होते का? उतरताना हातात काय देतात? त्या रात्री भाषण मात्र कुणाचेच ठेवू नका, आमदारांचेही नको.