थंडी कुणाच्या बापाची?

या देशात थंडीलाही जात आहे. हसायचं असेल तर हसा, पण पुढचं वाचून मग हसा.

मी गोदीत कंत्राटी हमाल. शिक्षण मॅट्रिक, म्हणजे आजच्या भाषेत दहावी पास. कविता लिहितो त्याचे पैसे मिळत नाहीत, गोदीत राबतो त्याचे मिळतात. कंटेनरच्या गर्दीत एक जात असते रीफरची. रीफर म्हणजे चालतंफिरतं कोल्ड स्टोरेज. जहाजावरून उतरला की आधी त्याची वायर प्लगात. रस्त्यानं ट्रेलरवर निघाला की त्याच्यासाठी जनरेटर. त्याच्या अंगावर तापमानाचा आकडा पेटलेला असतो. आकडा हलला की साहेबापासून वायरमनपर्यंत सगळे पळतात. नाशिकचं द्राक्ष न्हावाशेव्यातून युरोपला जातं ते शून्य अंशाच्या आसपास झोपून जातं. गोठवलेलं मांस उणे १८ अंशांवर जातं. आठवडेच्या आठवडे समुद्रात, वर ऊन, खाली खारं पाणी, पण आत आकडा तोच. वायर लावणाऱ्याचं बनियन मात्र पिळलं तर बादली भरेल.

माझं भांडण द्राक्षाशी नाही. ते शेतकऱ्याच्या घामाचं आहे, नीट पोचलंच पाहिजे. मला एवढंच नोंदवून ठेवायचंय, की या देशाला थंडी टिकवता येते. हजारो मैल टिकवता येते. तेव्हा उद्या कुणी म्हणालं की 'आपल्याकडे जमत नाही हो', तर समजायचं हा थाप मारतोय.

आता दुसरी बाजू.

माझी माय इन्सुलीनवर आहे. सकाळ-संध्याकाळ पोटात सुई. आमच्या चाळीत अशी पाच-सहा माणसं निघतील. शुगर हा शेठलोकांचा रोग, असं अजून ज्यांना वाटतं त्यांनी सरकारी दवाखान्यातल्या सकाळच्या रांगेत एकदा उभं राहावं. पायाला पट्ट्या बांधलेल्या मोलकरणी, रिक्षावाले, झाडूवाले, बिगारी. सगळे शेठ!

इन्सुलीनचा शोध १९२१ साली कॅनडात टोरांटोला लागला. शोध लावणाऱ्यांनी १९२३ साली त्याचं पेटंट विद्यापीठाला एकेका डॉलरला देऊन टाकलं. औषध साऱ्या माणसांचं राहावं म्हणून. जागतिक आरोग्य संघटनेनं १९७७ साली अत्यावश्यक औषधांची पहिली यादी केली, त्यातही ते होतं. चांगली गोष्ट. पण औषध दिलं आणि थंडी दिली नाही, तर काय दिलं? विहीर दिली, पोहरा दिला नाही.

कारण या औषधाचा स्वभाव नाजूक. न उघडलेली बाटली २ ते ८ अंशांत ठेवायची. उघडली की चार आठवडे साध्या खोलीच्या तापमानात चालते, म्हणजे २५ ते ३० अंशांच्या आत. गोठलं तर मेलं, नंतर वितळवूनही उपयोग नाही. उन्हात तापत राहिलं तर हळूहळू ताकद जाते, आणि बरेचदा बाटलीकडे बघून काही कळत नाही. रंग तोच, पाणी तेच, सुई तीच. माणूस रोज टोचून घेतो आणि शुगर चढत राहते. मग डॉक्टर म्हणतो, 'खाण्यावर कंट्रोल नाही तुमच्या लोकांचा.'

बाटलीच्या कागदावर लिहिलेलं असतं, 'खोलीचं तापमान'. मी विचारतो, कुणाच्या खोलीचं? हा कागद लिहिणाऱ्यानं पत्र्याची खोली पाहिली आहे का? मे महिन्यात दुपारी दोन वाजता पत्र्याखाली बसून त्यानं तो शब्द पुन्हा लिहून दाखवावा.

घरात बसलेल्याची ही गत. प्रवासाला निघालेल्याची तर विचारू नका. आणि आमच्या माणसाला प्रवास चुकत नाही. बिदागी घेऊन गाणी म्हणायला आम्ही जात नाही. आम्ही जातो ऊसतोडीला, वीटभट्टीवर, मयतीला, लग्नाला, कोर्टाच्या तारखेला. जातो लाल एस.टी.नं, जनरलच्या डब्यानं, टेम्पोच्या हौद्यात.

गेल्या मे महिन्यात मामाच्या पोरीचं लग्न होतं मराठवाड्यात. मायला घेऊन निघालो. बाटली थर्मासमध्ये, थर्मासात बर्फाचं पाणी, बाटलीभोवती कापड, कारण बर्फाला चिकटून गोठायला नको. मुंबईपासून अर्ध्या वाटेवर बर्फ संपला. स्टँडवर शीतपेयाच्या दुकानदाराला म्हटलं, गाडी बदलेपर्यंत तासभर ठेवा, पैसे घ्या. तो म्हणाला, "सुया-बिया नको इथं, गिऱ्हाईक भडकतंय." ठीक. घाबरला असेल.

गावात एकच मोठा फ्रीज, किराणा दुकानात. दुकानदार आधी म्हणाला, "ठेवा की, त्यात काय." मग विचारलं, "कुणाकडं आलात?" मामाचं नाव सांगितलं. त्याचा चेहरा बदलला नाही, हे मुद्दाम सांगतो. आता चेहरे बदलत नाहीत, आता कारणं बदलतात. म्हणाला, "लाईटीचा भरवसा न्हाय वो हितं. उगं तुमचं औषध खराब व्हायचं. आन् दूध असतंय देवाचं त्यात." एवढं बोलून त्यानं त्याच फ्रीजमधून दुसऱ्याला थंडगार बाटली काढून दिली. फ्रीज चालू होता. आमच्यापुरता बंद होता.

मामी शिवी देऊन म्हणाली, "मरू दे त्याला. आन हिकडं." तिनं दोन गाडगी आणली. मोठ्यात लहान, मध्ये ओली वाळू. लहान गाडग्यात बाटली झाकणाच्या डब्यात घालून ठेवली, वर ओलं फडकं, आणि सगळं सावलीला वाऱ्यावर. गाडग्याच्या अंगातून पाणी झिरपतं, वाऱ्यानं उडतं, उडताना आतली उष्णता घेऊन जातं. कोरड्या हवेत हे जोरात चालतं. मुंबईच्या दमट हवेत कमी चालतं, म्हणून मराठवाड्यात, विदर्भात माठाचं पाणी जास्त गार लागतं. फ्रीजइतकं गार होत नाही, पण बाहेर काहिली असताना उघडलेली बाटली सांभाळायला ते कामाचं आहे. मामी शाळेत गेलेली नाही. विज्ञान तिच्याकडे आहे, प्रमाणपत्र दुसऱ्याकडे.

ज्या गाडग्याला पेशवाईत आमच्या बापजाद्यांच्या गळ्यात बांधलं, थुंकी रस्त्यावर पडून रस्ता बाटू नये म्हणून, त्याच गाडग्यानं माझ्या मायचं औषध वाचवलं. यावर एक कविता होईल. पण मला कविता नको आहे, फ्रीज पाहिजे.

कारण गाडग्यालाही पाणी लागतं. वाळू ओली ठेवायची तर दिवसातून तीन-चारदा शिंपडावं लागतं. आणि मे महिन्यात टँकर आधी कुठं थांबतो आणि वस्तीवर शेवटी काय उरतं, हे मी या अंकाच्या वाचकाला शिकवायची गरज नाही. म्हणजे फिरून आपण तिथंच येतो. २० मार्च १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी चवदार तळ्याचं पाणी ओंजळीनं उचललं. तळं कायद्यानं सगळ्यांना खुलं होतं. फक्त पाणी खुलं नव्हतं. आज फ्रीज बाजारात खुला आहे, औषध दुकानात खुलं आहे. थंडी खुली नाही.

बाबासाहेबांचं नाव काढलंच आहे तर ऐका. घटनेचा मसुदा तयार होत होता त्या दिवसांत बाबासाहेब मधुमेहानं जर्जर होते. पायांत कळा, रात्रीची झोप नाही, इन्सुलीन चालू. त्या शरीरानं त्यांनी दिल्ली-मुंबई-औरंगाबाद पालथी घातली. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूर, १६ ला चांदा, नोव्हेंबरात काठमांडू. ६ डिसेंबरला गेले. आम्ही त्यांच्या सुटाचे, पेनाचे, ग्रंथांचे फोटो लावतो. त्यांच्या दुखऱ्या पायांचा फोटो कुणी लावत नाही. त्यांच्यासाठी काळजी घेणारी डॉक्टर माईसाहेब घरात होती. त्यांच्या नावानं चैत्यभूमीला जनरलच्या डब्यातून येणाऱ्या म्हातारीबरोबर कोण असतं? तिनं बाटली कुठं ठेवायची? बरेचदा ती बाटली घरीच ठेवते. तीन-चार दिवस सुईच घेत नाही. म्हणते, "वाटंत खराब हुईल, महागाची हाय." हे सगळ्यात वाईट. उन्हानं थोडी ताकद गेलेलं इन्सुलीन एकवेळ चालेल, अजिबात न घेतलेलं माणूस मारतं.

आणि इथं दुसरी चोरी आहे. ती माहितीची. केनियाच्या उत्तरेला दागाहाले नावाची निर्वासितांची छावणी आहे. तिथं घरात फ्रीज नाही म्हणून लोकांना सुईसाठी रोज दवाखान्यात यावं लागायचं. डॉक्टर्स विदाऊट बॉर्डर्स ही संस्था आणि जिनिव्हा विद्यापीठानं मिळून तपासलं. २५ ते ३७ अंशांच्या मध्ये वरखाली होणाऱ्या उष्णतेत चार आठवडे ठेवलेल्या इन्सुलीनची ताकद थंडीत ठेवलेल्याइतकीच निघाली. हे २०२१ साली छापून आलं. म्हणजे 'तुमच्याकडे फ्रीज नाही, तुम्हाला इन्सुलीन कसं देणार' हे म्हणणं खोटं पडलं. ही बातमी आमच्या वस्तीत कुणी आणली? कुणी नाही. ४३ अंशांच्या उन्हात टाका असं त्या अभ्यासानं म्हटलेलं नाही, हेही लक्षात ठेवा. पण पंधरा दिवस गावाला जायला माणूस घाबरायचं कारण नाही, हे आम्हाला डॉक्टरनं सांगायला नको होतं?

आता सरकारकडे या. हेच सरकार पोलिओचा डोस निळ्या डब्यात, बर्फाच्या पाकिटांत, डोंगरातल्या पाड्यावर पोचवतं. नर्सताई आणि आशाताई तो डबा खांद्याला लावून चालत गेल्या, म्हणून २०१४ साली देश पोलिओमुक्त ठरला. २०२१ साली कोविडची लस याच २ ते ८ अंशांत गावोगाव गेली. प्राथमिक आरोग्य केंद्रात लसीचा फ्रीज असतो. त्यात दुसरं औषध ठेवायचं नाही असा नियम आहे. नियम बरोबर असेल, लस वाचलीच पाहिजे. मग दुसरा फ्रीज ठेवा ना! लस मोहिमेत मिळते, मोहीम संपली की साहेबाचा फोटो छापून येतो. रोजच्या सुईचा फोटो कोण छापणार? म्हणून लसीला साखळी आहे आणि मायला थर्मास.

मागण्या लिहून ठेवतो, नंतर म्हणू नका शिव्याच दिल्या.

प्रत्येक एस.टी. आगारात आणि मोठ्या रेल्वे स्टेशनात औषधांसाठी एक फ्रीज. फुकट, पावती देऊन, जात-गाव न विचारता. प्रत्येक प्राथमिक आरोग्य केंद्रात इन्सुलीन, आणि कुठल्याही सरकारी दवाखान्याचा कागद दाखवला की बाहेरगावच्या माणसालाही बाटली. म्हणजे वाहून न्यायची कटकटच संपली. चैत्यभूमी, दीक्षाभूमी, भीमा कोरेगाव इथं जे औषधांचे तंबू लागतात, तिथं इन्सुलीनसाठी एक थंड डबा आणि ते मोठ्या अक्षरात सांगणारा एक फलक. नेत्याच्या वाढदिवसाच्या फलकातून एक वार कापड कमी केलं तरी भागेल.

आणि पोरांनो, हे मिळेपर्यंत तुम्ही घरात बसू नका. वस्तीत फिरा, सांगा. बाटली पिशवीत मधोमध, खिडकीशी नाही, टपावर नाही, इंजिनाजवळ नाही. बर्फाला चिकटवून नाही. विमानानं आखातात मजुरीला जाणाऱ्यानं हातातल्या पिशवीत न्यायची, सामानात द्यायची नाही, तिथं गोठू शकते. बाटली ४० ची असेल तर सुईही ४० चीच, गावाला जाताना जास्तीच्या सुया घेऊन जा, भलती सुई घेतली तर डोस चुकतो आणि जीव जातो. बाटलीत गुठळ्या दिसल्या, काचेला बर्फासारखं चिकटलेलं दिसलं तर फेकून द्या. सुई घेतली आणि रांगेत जेवण मिळालं नाही तर साखर झपकन उतरते, घाम फुटतो, हात थरथरतात. खिशात गूळ नाहीतर साखर ठेवा. डोस न विचारता सोडू नका.

एवढं सांगायला डॉक्टर व्हावं लागत नाही. दहावी पास हमालाला सांगता येतं.

द्राक्षासाठी जनरेटर पळतो त्या रस्त्यानं माणसाची दोन बोटांएवढी बाटली गार राहून जाऊ शकत नाही, हे मी मान्य करणार नाही. त्या वायरी आम्हीच लावतो. कुठली वायर कुठं लावायची हे आम्हाला चांगलं कळतं.

येत्या ६ डिसेंबरला शिवाजी पार्कात आपल्या पुस्तकांच्या टेबलाशेजारी एक थंड डबा आम्ही ठेवणार आहोत. ज्याची बाटली असेल त्यानं आणावी. आडनाव विचारलं जाणार नाही.

जय भीम.