चौकशीला अंत हवा

निवृत्तिवेतन हे सरकारी कृपेचे दान नाही, केलेल्या सेवेचा तो मोबदला होय, हे सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या घटनापीठाने १७ डिसेंबर १९८२ रोजी नकारा खटल्यात स्पष्ट केले. त्याच वर्षीच्या महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियमांतील २७वा नियम सांगतो की, निवृत्तीनंतर चार वर्षांहून जुन्या घटनेबद्दल विभागीय चौकशी सुरू करता येत नाही. सुरू झालेली चौकशी संपवावी केव्हा, याविषयी मात्र तो मौन पाळतो. तोवर निवृत्तास तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. ग्रॅच्युइटी अडकून पडते. २०१५ साली प्रेमनाथ बाली खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सहा महिने, फार तर एक वर्ष, अशी मर्यादा सांगितली. पण ती पाळतो कोण?

अपराध्यास शासन व्हावेच. परंतु चौकशी रेंगाळली की साक्षीदार पांगतात, कागद गहाळ होतात. अपराधी सुटतो आणि निरपराध्याचे म्हातारपण कचेरीच्या पायऱ्या झिजवण्यात जाते. न्यायदानासाठी ख्यात असलेल्या अहिल्यादेवींचे नाव नगर जिल्ह्याने २०२४ साली धारण केले. येथील प्रत्येक कार्यालयाने निवृत्तीस वर्ष उरलेल्यांच्या प्रलंबित चौकश्यांची यादी करावी आणि त्या निवृत्तीपूर्वीच निकाली काढाव्यात. विलंब करणाऱ्या अधिकाऱ्यासही जाब विचारला जावा. त्या नावाची बूज एवढ्यानेच राखली जाईल.